रायफल नेमबाजी: सराव कसा करायचा आणि प्रगती कशी मोजायची

रेंजवरून परतणारा नवा नेमबाज बहुतेक वेळा एकच गोष्ट सांगतो: आज इतके गुण पडले. नाहीतर तो मोबाइलमधला फोटो दाखवतो, पाच छिद्रं एकमेकांना चिकटलेली, सुंदर कार्ड (कागदी टार्गेट). या दोन्हींवरून त्याची नेमबाजी सुधारते आहे की नाही, हे सांगता येत नाही. गुणांमध्ये दोन निराळ्या गोष्टी मिसळलेल्या असतात: साइट, म्हणजे रायफलवरचं नेम धरायचं साधन, किती बरोबर लावली आहे आणि नेमबाज किती स्थिर आहे. फोटोतलं कार्ड तर निवडूनच काढलेलं असतं. बाकीची पंचवीस कार्डं कचऱ्यात गेलेली असतात.

म्हणून इथे सराव आणि मोजणी दोन्ही बरोबरीनं घेतली आहेत. उदाहरणं १० मीटर एअर रायफलची आहेत, कारण बहुतेकांची सुरुवात तिथूनच होते. हिशेब मात्र ५० मीटरच्या .२२ रायफलला किंवा त्याहून लांबच्या अंतरालाही तसाच लागू पडतो.

रायफल हातात घेण्याआधी

हा भाग छोटा आहे, पण वगळायचा नाही. प्रत्येक रायफल भरलेलीच आहे असं धरून चाला. नळीचं तोंड सतत टार्गेटच्या दिशेला किंवा सुरक्षित दिशेला. साइट टार्गेटवर आल्याशिवाय बोट ट्रिगरवर जाणार नाही. टार्गेटच्या मागे काय आहे, हे ठाऊक असल्याशिवाय शॉट नाही. रायफल खाली ठेवली की चेंबरमध्ये (छर्रा किंवा काडतूस बसतं त्या जागी) सेफ्टी फ्लॅग, म्हणजे चेंबर रिकामं आहे हे बाहेरून दाखवणारी रंगीत पट्टी. डोळ्यांना चष्मा, .२२ आणि त्यावरच्या रायफलींना कानांचं संरक्षण. छर्रे शिशाचे असतात, त्यामुळे सराव संपल्यावर हात साबणानं धुतल्याशिवाय काही खायचं नाही. परवाना, वय आणि रायफल ठेवण्याची पद्धत याबाबत तुमच्या ठिकाणचा कायदा आधी वाचा. पहिले काही आठवडे मान्यताप्राप्त रेंजवर कोचच्या नजरेखालीच काढा. पोझिशनमधली चूक स्वतःला दिसत नाही आणि एकदा अंगात मुरली की निघता निघत नाही.

टार्गेटचं गणित आधी समजून घ्या

१० मीटर एअर रायफलच्या टार्गेटवर १० चं वर्तुळ म्हणजे जेमतेम ०.५ मिलिमीटरचा ठिपका. ९ ची रिंग ५.५ मिलिमीटर व्यासाची आणि सगळ्यात बाहेरची १ ची रिंग ४५.५ मिलिमीटरची. छर्रा ४.५ मिलिमीटरचा. छर्ऱ्याची कड रिंगला नुसती शिवली तरी वरचे गुण मिळतात, म्हणून छर्ऱ्याचा मध्य टार्गेटच्या मध्यापासून २.५ मिलिमीटरच्या आत पडला की १० गुण.

आता दशांश गुण पाहा. इलेक्ट्रॉनिक टार्गेटवर १०.० ते १०.९ अशी विभागणी असते आणि प्रत्येक दशांशाला ०.२५ मिलिमीटर. त्यामुळे गुणांवरून थेट अंतर काढता येतं: ११ मधून गुण वजा करा आणि २.५ नं गुणा. ९.० पडले म्हणजे मध्यापासून सुमारे ५ मिलिमीटर, १०.४ म्हणजे सुमारे दीड मिलिमीटर. ६० शॉटमध्ये कमाल गुण ६५४.०. कुणी ६०० गुण मारले, तर त्याचे छर्रे सरासरी मध्यापासून अडीच मिलिमीटरच्या आसपास पडले. गुण हे मुळात अंतरच आहे, उलटं करून लिहिलेलं. हे एकदा लक्षात आलं की पुढची मोजणी अवघड वाटत नाही.

कोनाचं एक एकक पाठ करून ठेवा: मिल. दर मीटर अंतरामागे १ मिलिमीटर म्हणजे १ मिल. १० मीटरवर १० मिलिमीटर, ५० मीटरवर ५० मिलिमीटर, १०० मीटरवर १० सेंटिमीटर. काही जण मिनिट ऑफ अँगल, म्हणजे एमओए वापरतात. १ एमओए म्हणजे १०० मीटरवर सुमारे २९ मिलिमीटर, आणि १ मिलमध्ये सुमारे ३.४४ एमओए बसतात. वेगवेगळ्या अंतरांवरचे ग्रुप, म्हणजे एकाच नेमानं मारलेल्या शॉटच्या छिद्रांचे पुंजके, शेजारी ठेवून बघायचे असतील तर मिलिमीटर सोडा आणि कोनात बोला.

पोझिशन: स्नायूंवर नाही, हाडांवर

उभ्यानं नेम धरताना नवा माणूस रायफल दंडाच्या जोरावर उचलून धरतो. दहा शॉटनंतर हात थरथरायला लागतो आणि मग तो जिमला जायचं ठरवतो. गरज तिची नाही. पुढच्या हाताचं कोपर बरगड्यांच्या खालच्या बाजूला किंवा नितंबाच्या हाडावर टेकलं पाहिजे, म्हणजे रायफलचं वजन हातातून कंबरेत आणि तिथून पायात उतरतं. १० मीटर एअर रायफल ५.५ किलोपर्यंत असू शकते. एवढं वजन स्नायूंनी तासभर पेलायचं म्हटलं तर स्थिरता राहणारच नाही. पाय साधारण खांद्याएवढे फाकवलेले, गुडघे सरळ पण ताणलेले नाहीत, डोकं शक्य तितकं ताठ. डोकं रायफलकडे नेऊ नका, चीक पीस, म्हणजे दस्त्यावरचा गाल टेकवायचा भाग, गालाकडे आणा. बट प्लेट, म्हणजे दस्त्याच्या मागच्या टोकाची पट्टी, प्रत्येक शॉटला खांद्यावर त्याच जागी बसली पाहिजे; ती बोटभर वरखाली झाली की ग्रुप उभा लांबतो.

यानंतरची तपासणी बहुतेक नवखे टाळतात, आणि माझ्या मते सगळ्यात जास्त गुण तिथेच सांडतात. पोझिशन घ्या, टार्गेटवर नेम आणा, मग डोळे मिटा. दोन-तीन वेळा सावकाश श्वास घ्या, खांदे सैल सोडा. डोळे उघडा. नेम टार्गेटवरच असेल तर ठीक. डावीकडे किंवा उजवीकडे सरकला असेल तर तुमच्या शरीराचा स्वाभाविक नेम तिकडे आहे आणि तुम्ही स्नायूंनी रायफल ओढून मध्यावर धरून ठेवली होती. शॉट सुटताना स्नायू क्षणभर ढिले पडतात आणि छर्रा शरीराला हव्या त्या दिशेला जातो. दुरुस्ती हातानं करायची नाही. आडवा फरक असेल तर मागचा पाय थोडा सरकवून पूर्ण शरीर फिरवा. उभा फरक असेल तर पुढच्या हाताची जागा, बट प्लेटची उंची किंवा पायांतलं अंतर बदला. नेम आपोआप मध्यावर येईपर्यंत हे पुन्हा पुन्हा करा. दर दहा शॉटनंतर परत तपासा, कारण पाय नकळत सरकतात.

रायफल बाजूला कलंडते का, तेही पाहा. ती उजवीकडे कलली तर छर्रा उजवीकडे आणि खाली जातो. थोडा कल असला तरी चालेल, पण तो रोज तेवढाच हवा.

एक शॉट, सुरुवातीपासून शेवटपर्यंत

शॉटची प्रक्रिया कागदावर लिहून काढा आणि ती बदलू नका. साधारण क्रम असा: छर्रा भरा, पोझिशन, गाल टेकवा, श्वास आत, बाहेर, आणि श्वास बाहेर सोडल्यावर जो नैसर्गिक थांबा येतो तिथे थांबा. फुप्फुसं पूर्ण रिकामी करायची नाहीत, दम कोंडायचाही नाही. नजर फ्रंट साइटच्या, म्हणजे नळीच्या टोकाकडच्या साइटच्या, रिंगवर. टार्गेटचा काळा गोळा किंचित अंधूक दिसला तर ते बरोबरच आहे. दुसरा डोळा गच्च मिटू नका, त्यानं नेमाच्या डोळ्यावरही ताण येतो. त्यासाठी ब्लाइंडर, म्हणजे त्या डोळ्यासमोर छोटी पट्टी, लावतात. फ्रंट साइटची रिंग सुरुवातीला मोठी घ्या. लहान रिंगमध्ये प्रत्येक हेलकावा भयंकर दिसतो आणि माणूस काळा गोळा मध्यावर येताच घाईनं ट्रिगर ओढतो.

ट्रिगर सरळ मागे, हळूहळू वाढत्या दाबानं. रायफल कधीच पूर्ण थांबत नाही, कुणाचीच नाही. ती लहानशा भागात फिरत राहणार हे मान्य करा आणि त्या फिरण्यातच दाब पूर्ण करा. नेम धरल्यापासून आठ-दहा सेकंदांत शॉट सुटला नाही तर रायफल खाली घ्या. यानंतर डोळा जुनंच चित्र दाखवत राहतो आणि तुम्हाला नेम आहे त्याहून चांगला वाटतो. शॉट अर्धवट सोडून देणं हे कौशल्य आहे, आणि तेही मोजता येतं: साठ शॉटच्या सरावात किती वेळा रायफल खाली घेतली, ते वहीत लिहा. तो आकडा शून्य असेल तर तुम्ही वाईट शॉट मारत आहात.

शॉट सुटल्यावर एक-दोन सेकंद तसेच थांबा, साइटमधून बघत राहा. हाच फॉलो थ्रू. एअर रायफलचा छर्रा नळीतून बाहेर पडायला वेळ घेतो, सुमारे १७० मीटर प्रति सेकंद वेगानं निघतो, आणि तेवढ्यात डोकं उचललं तर त्याची खूण कार्डावर उमटते.

गोळी न झाडता सराव

सरावाचा मोठा भाग ड्राय फायरिंगचा, म्हणजे रिकाम्या रायफलनं ट्रिगर दाबण्याचा, असावा, असं माझं ठाम मत आहे. छर्रा सुटला की लक्ष छिद्राकडे जातं. छिद्रच नसेल तर नजर साइटवर आणि बोटावर राहते.

पण आधी आपली रायफल त्याला चालते का, ते पाहा. मॅचच्या एअर रायफलींना ड्राय फायरची वेगळी सोय असते. स्प्रिंगच्या एअर रायफलचा ट्रिगर रिकामा ओढू नका; छर्ऱ्याचा अडसर नसला की पिस्टन जोरात आदळतो. .२२ रायफलची फायरिंग पिन रिकाम्या चेंबरच्या कडेवर आपटते, म्हणून स्नॅप कॅप (सरावाचं नकली काडतूस) किंवा वापरलेलं रिकामं काडतूस घालतात. छर्रे आणि काडतुसं दुसऱ्या खोलीत ठेवा, चेंबर दोनदा तपासा, आणि नळीसमोरची भिंत अशी निवडा की तिच्या पलीकडे कुणी नसेल.

सुरुवातीला कोऱ्या पांढऱ्या भिंतीकडे रायफल धरा आणि फक्त ट्रिगर दाबा. नेमाला लक्ष्यच नसल्यामुळे फ्रंट साइट क्लिक होताना हलते का, ते स्पष्ट दिसतं. ती दर वेळी एकाच दिशेला झटका खात असेल तर बोटाची जागा किंवा दाबाची दिशा चुकते आहे. दुसऱ्या सरावात भिंतीवर काळा ठिपका लावा आणि ट्रिगरला हात न लावता नुसता नेम धरा, पंधरा सेकंद धरून खाली. यातून रायफल किती फिरते ते कळतं. तिसऱ्या सरावात दोन्ही एकत्र. वीस-पंचवीस मिनिटं खूप झाली. थकल्यावर केलेला सराव चुकाच पक्क्या करतो.

स्कॅटसारखं नेमाची हालचाल टिपणारं इलेक्ट्रॉनिक साधन मिळालं तर नेमाचा मार्ग पडद्यावर रेघेसारखा दिसतो. त्यात खूप आकडे असतात. नवख्यानं दोनच बघावे: शॉटच्या आधीच्या सेकंदात नेम १० च्या वर्तुळात किती टक्के वेळ होता, आणि शेवटच्या पाव सेकंदात तो किती वेगानं फिरत होता. पहिला आकडा चांगला आणि दुसरा वाईट असेल तर स्थिरता आहे, ट्रिगर बिघडवतो आहे.

ग्रुप मोजायचा कसा

कागदी टार्गेट, मिलिमीटरची पट्टी आणि वही एवढं पुरतं. प्रत्येक छिद्राच्या मध्याचं टार्गेटच्या मध्यापासूनचं अंतर दोन भागांत लिहा: उजवीकडे अधिक, डावीकडे उणे, वर अधिक, खाली उणे. समजा पाच शॉट असे पडले: उजवीकडे ९ वर २, उजवीकडे ३ खाली ६, उजवीकडे १० खाली ५, उजवीकडे २ वर १, उजवीकडे ६ खाली २.

आडव्या आकड्यांची सरासरी ६, उभ्यांची उणे २. म्हणजे ग्रुपचा मध्य टार्गेटच्या मध्यापासून ६ मिलिमीटर उजवीकडे आणि २ खाली आहे. हे साइटचं काम. क्लिक (साइट सरकवणाऱ्या खुंटीचे टप्पे) फिरवा, दोष स्वतःला देऊ नका.

आता प्रत्येक छिद्राचं ग्रुपच्या मध्यापासूनचं अंतर काढा. पहिलं छिद्र ग्रुपच्या मध्यापासून ३ उजवीकडे आणि ४ वर, म्हणजे ५ मिलिमीटर लांब. दुसरं, तिसरं, चौथं तसंच ५, पाचवं नेमकं मध्यावर, शून्य. सरासरी ४ मिलिमीटर. याला सरासरी त्रिज्या म्हणू. हा आकडा तुमचा आहे.

बहुतेक जण मोजतात ते सगळ्यात लांबच्या दोन छिद्रांमधलं अंतर. वरच्या ग्रुपमध्ये ते १० मिलिमीटर, म्हणजे १ मिल. मोजायला सोपं: बाहेरच्या कडेपासून बाहेरच्या कडेपर्यंत मोजायचं आणि छर्ऱ्याचे ४.५ मिलिमीटर वजा करायचे. पण पाच शॉट मारून त्यात फक्त दोन मोजले जातात, उरलेल्या तिघांनी काय केलं याची नोंदच राहत नाही. सरासरी त्रिज्येत प्रत्येक शॉटचं मत धरलं जातं.

उभा आणि आडवा पसारा वेगळा पाहायची सवय ठेवा. ग्रुप उभा लांबट असेल तर श्वास, खांद्यावरची बट प्लेट किंवा गालाचा दाब तपासा. आडवा असेल तर ट्रिगर, शरीराचा स्वाभाविक नेम, आणि उघड्या रेंजवर वारा.

किती शॉट पुरेसे?

तीन शॉटचा ग्रुप काहीच सिद्ध करत नाही. हे कठोर वाटेल, पण गणितच तसं आहे. शॉट जितके जास्त, तितका टोकापासून टोकापर्यंतचा ग्रुप मोठा होत जातो, कारण एखादा लांब जाण्याची संधी वाढते. त्याच नेमबाजाचा आणि त्याच रायफलचा तीन शॉटचा ग्रुप सरासरी २४ मिलिमीटर असेल, तर पाच शॉटचा साधारण ३१ आणि दहा शॉटचा ३८ मिलिमीटर येईल. नेमबाजीत काहीही बिघडलेलं नसतं. म्हणून तीन शॉटचा ग्रुप दहा शॉटच्या ग्रुपशी कधीच ताडून पाहायचा नाही.

वर योगायोगाचा खेळ वेगळाच. पाच शॉटचे ग्रुप सरासरी ३० मिलिमीटरचे येत असतील, तर त्यात २२ चा आणि ३८ चा, दोन्ही नेहमी दिसतील. २२ चा आला त्या दिवशी नवे छर्रे वापरले असले की माणूस म्हणतो, छर्रे भारी आहेत. सरासरी त्रिज्या जास्त भरवशाची, पण तिलाही मर्यादा आहे: दहा शॉटवरून काढली तर १५-१७ टक्के इकडेतिकडे होणं अगदी स्वाभाविक, साठ शॉटवरून काढली तर सुमारे ७ टक्के. म्हणून दोन महिन्यांची तुलना साठ-साठ शॉटवर करा, आणि तरीही दहा टक्क्यांच्या आतल्या फरकावर आनंद किंवा दुःख करू नका.

साइट लावतानाही हाच नियम. तीन शॉट पाहून क्लिक फिरवणारा माणूस आयुष्यभर क्लिक फिरवतच राहतो. ग्रुपच्या मध्याची अनिश्चितता शॉटच्या संख्येच्या वर्गमुळाच्या प्रमाणात कमी होते: चारपट शॉट मारले की ती निम्मी होते. साइट पहिल्यांदा नीट लावायची असेल तेव्हा दहा शॉट मारा, मध्य काढा, मग एकदाच क्लिक फिरवा.

रायफलचा दोष की माझा?

हे कळायला रायफलचा स्वतःचा पसारा मोजावा लागतो. टेबलावर भक्कम टेकू घेऊन, त्याच छर्ऱ्यांनी, दहा शॉटचे पाच ग्रुप मारा आणि सरासरी त्रिज्या काढा. मग उभ्यानं तेच करा.

दोन पसारे एकमेकांत सरळ मिळवले जात नाहीत, त्यांचे वर्ग मिळवले जातात. समजा टेकूवर रायफलची सरासरी त्रिज्या १ मिलिमीटर आणि तुमच्या हाताची ४. एकूण येते १६ अधिक १ चं वर्गमूळ, म्हणजे सुमारे ४.१२. आता दुप्पट अचूक रायफल घेतली, तिची त्रिज्या अर्धा मिलिमीटर, तर एकूण सुमारे ४.०३. फरक मोजायलाही कष्ट पडतील. त्याऐवजी जुन्याच रायफलनं स्वतःची त्रिज्या ४ वरून ३ वर आणली तर एकूण ३.१६. नवी रायफल घ्यायची खाज सुटली की हा हिशेब कागदावर मांडून पाहा. उलट टेकूवरचा आकडा तुमच्या उभ्या पोझिशनच्या निम्म्यावर आला असेल, तेव्हा छर्रे बदलून पाहण्यात अर्थ आहे.

शॉट कॉल करा

माझ्या मते नवख्यासाठी याहून उपयोगी सराव नाही. शॉट सुटल्यावर, स्क्रीन किंवा दुर्बिणीकडे बघण्याआधी, तो कुठे गेला असेल ते ठरवा आणि वहीत ठिपका मांडा: "९, घड्याळातल्या चारच्या बाजूला". मग खरा शॉट बघा आणि दुसऱ्या रंगानं मांडा. दोन्ही ठिपक्यांमधलं अंतर मिलिमीटरमध्ये लिहा. दहा शॉटची सरासरी म्हणजे तुमच्या कॉलची चूक.

ती चूक लहान आणि ग्रुप मोठा असेल तर बातमी चांगली आहे: काय घडतं ते तुम्हाला दिसतं आहे, फक्त आवरता येत नाही, आणि ते पोझिशननं सुधारतं. चूक मोठी असेल तर शॉटच्या क्षणी डोळा मिटतो आहे, ट्रिगर झटक्यानं ओढला जातो आहे, किंवा एखादा स्क्रू ढिला आहे. स्क्रू आधी तपासा, पाच मिनिटांचं काम आहे.

वही आणि परीक्षा

वहीत रोज तारीख, छर्ऱ्यांचा प्रकार, उजेड, शॉटची संख्या, ग्रुपचा मध्य, सरासरी त्रिज्या, कॉलची चूक आणि त्या दिवशी कशावर काम केलं ते एक वाक्य. एका वेळी एकच गोष्ट बदला. बट प्लेट, गालाची उंची आणि छर्रे एकाच दिवशी बदलले तर वही काहीच सांगणार नाही.

रोजचा पहिला शॉट वेगळा नोंदवा. त्या पहिल्या शॉटची जागा एकाच जपून ठेवलेल्या कार्डावर पेन्सिलीनं मांडत जा. काही आठवड्यांनी तिथे एक ग्रुप तयार होतो, शरीर आणि रायफल थंड असताना तुम्ही कसे मारता त्याचा. तो नेहमीच्या ग्रुपपेक्षा बराच मोठा किंवा एका बाजूला असेल, तर सुरुवातीची तयारी, म्हणजे ड्राय फायर आणि स्वाभाविक नेमाची तपासणी, वाढवा.

महिन्यातून एकदा पूर्ण मॅच मारा: १५ मिनिटं तयारी आणि साइटिंग शॉट (साइट जुळवायचे, गुणांत न धरले जाणारे), मग ७५ मिनिटांत ६० शॉट, मध्येच कुणाशी बोलणं नाही, आकडेमोड नाही. नंतर दहा-दहाच्या सहा सीरिज वेगळ्या काढा आणि प्रत्येकीची सरासरी त्रिज्या मांडा. चौथ्या-पाचव्या सीरिजमध्ये आकडा फुगत असेल तर दमछाक होते आहे. पहिल्या सीरिजमध्ये फुगत असेल तर घाई. फक्त शेवटच्या दोन-तीन शॉटमध्ये फुगत असेल तर तुम्ही गुण मोजत होता.

आणि प्रत्येक शॉटआधी आपल्या लेनचा नंबर बघायची सवय याच परीक्षेत लावून घ्या. २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये अमेरिकेचा मॅथ्यू एमन्स ५० मीटर थ्री पोझिशनच्या (झोपून, गुडघ्यावर आणि उभ्यानं मारायच्या प्रकाराच्या) अंतिम फेरीत आघाडीवर होता. शेवटचा शॉट त्यानं शेजारच्या टार्गेटवर मारला. त्याला शून्य गुण मिळाले आणि तो आठव्या क्रमांकावर गेला.